सासरेबुवांचा डावा दंड

"फायली घरी नेता येत नाहीत, त्या इथेच कुलूपबंद असतात. पण जाताना डोळेही इथेच ठेवून जात जा," असं कात्री मॅडमनी पहिल्याच दिवशी सगळ्या नव्या मुलींना बजावलं होतं.

धास्तीने तेव्हा शेजारणीला कोपर मारलं आणि हळूच म्हणाली, "डोळे इथे ठेवले तर बसवरची पाटी काय नाकाने वाचू?" दोघी खुसखुसल्या, आणि तो विषय तिने तिथेच झटकून टाकला.

धास्ती हे तिला नवऱ्याने ठेवलेलं नाव. बाळ झोपलं की त्याच्या नाकाखाली बोट धरून श्वास तपासायचा, बाळ जागं झालं की इतक्या लवकर का उठलं म्हणून कपाळाला हात लावून बघायचा, आणि बाळ शिंकलं की दवाखान्यात जायला चपला शोधायच्या, असा तिचा दिवस. कॉलेजात वर्गात पहिल्या तिघींत असायची. पण शिकलेल्या माणसाला काळजी कमी लागते हा गैरसमज आहे. त्याला ती नीट मुद्देसूद लागते.

काम तिचं मेडिकल कोडिंगचं. म्हणजे डॉक्टरांनी पेशंटबद्दल जे लिहून ठेवलेलं असतं ते वाचायचं आणि प्रत्येक दुखण्याला अक्षर-आकड्यांचा ठरलेला कोड लावायचा. कात्री मॅडम तिच्या तपासनीस. चुकलेला कोड त्या इतक्या सफाईने कापायच्या की कापला गेलेला माणूस आधी थँक्यू म्हणायचा आणि मग रडायला बाथरूममध्ये जायचा.

तर त्या मोसमात धास्तीच्या वाट्याला आल्या होत्या दंडाच्या शिरांच्या जुन्या दुखापती. ताज्या नव्हेत, जुन्या. जखम कधीच भरली, टाके निघाले, माणूस कामाला लागला, पण मागे काहीतरी उरलं: कुणाचा हात संध्याकाळी सुजतो, कुणाला जड वाटतो, कुणाच्या खांद्यावर निळ्या शिरांची जाळी उमटते. अशा उरलेल्या दुखण्याला कोडच्या शेवटी 'एस' लागतो. उपचार जोरात चालू असतील तर 'ए', बरं होत असेल तर 'डी', आणि सगळं संपूनही शरीर विसरायला तयार नसेल तर 'एस'. त्याला मुदत नाही. दुखापत गेल्या वर्षीची असो की बालवाडीतली, उरलं ते उरलं.

दंडाच्या शिरा इतक्या माणसांच्या इतक्या परींनी तुटतात हे तिला माहीतच नव्हतं. एकाने लोखंडी फाटकावरून उडी मारली होती, पण फाटकाने त्याला ती पुरी करू दिली नव्हती. एक बाई खिडकीची काच पुसता पुसता खिडकीतूनच पलीकडे गेल्या होत्या. एका गृहस्थांनी पैज लावून कपाट एकट्याने उचललं, आणि पैज कपाटाने जिंकली. हे सगळं वाचताना धास्ती एका हाताने टाइप करायची आणि दुसऱ्या हाताने स्वतःचा दंड चाचपत बसायची.

पहिल्याच आठवड्यात कात्री मॅडमनी तिची एक फाइल परत केली. "क्रम उलटा लावलास. आत्ता काय होतंय ते आधी, ते कशामुळे झालं ते दुसऱ्या ओळीत. आणि डावा की उजवा?"

"डॉक्टरांनी लिहिलेलं नाही, मॅडम."

"मग विचार. माणसाला दोन हात असतात, हे डॉक्टरांनाही माहीत असतं. आठवण करून द्यावी लागते एवढंच."

तेव्हापासून 'डावा की उजवा' तिच्या जिभेवर येऊन बसलं ते उतरेचना. नवरा म्हणाला डोकं दुखतंय, तर ही विचारते, "डावं की उजवं?"

"डोकं एकच आहे गं माझं."

"बाजू रे, बाजू!"

"तू विचारलंस ना, आता दोन्ही."

डोळे ऑफिसात ठेवून यायचे ते असे तिच्याबरोबर रोज घरी येऊ लागले होते. आणि घरी आलेले डोळे रिकामे बसत नाहीत. ते एके सकाळी सासरेबुवांवर जाऊन पडले.

सासरेबुवा आयुष्यभर ड्रायव्हिंग स्कूलमध्ये शिकवत होते. निवृत्त होऊनही त्यांच्या उजव्या पायाखालचा, शिकवणीच्या गाडीतला तो मास्तरांचा जादा ब्रेक काही सुटला नव्हता. सासूबाई बोलताना वेगात आल्या की टेबलाखाली त्यांचा पाय दाबला जायचा. आता त्यांची शिष्या एकच, त्यांची नात. तिला ते गाठोडं म्हणायचे, आणि मग घरातले सगळेच म्हणू लागले. रोज सकाळी गाठोडं डाव्या हातावर घेऊन ते फेरीला निघायचे: जिना, कोपऱ्यावरचं स्टेशनरीचं दुकान, पाण्याची टाकी, आणि परत. रस्ताभर शिकवणी चालू. "आरसा बघितला? मागे कोणी नाही ना? मग आता डावीकडे वळायचंय, हात दाखवा." गाठोडं हात दाखवायचं. कधी पाय दाखवायचं. सासरेबुवा म्हणायचे, "चालेल, हेतू कळला."

ही फेरी म्हणजे त्यांचा दिवस होता. उरलेला वेळ ते पार्क केलेल्या गाडीसारखे असायचे. मध्ये त्यांना सर्दी झाली म्हणून सासूबाईंनी फेरी बंद केली, तर बिचारे खिडकीत बसून खालून जाणाऱ्या परक्या गाड्यांसाठी ब्रेक दाबत होते. ते दृश्य घरात कुणालाच बघवलं नव्हतं.

तर त्या सकाळी धास्तीने बघितलं की गाठोडं उजव्या हातावर आहे. सासरे म्हणाले, "डावीकडे वळा," आणि गाठोड्याने सवयीने बाहेरच्या बाजूचा हात दाखवला, तो आता उजवा होता. समोरून येणारे सायकलवाले काका गोंधळून भिंतीला जाऊन टेकले.

मग तिला एकेक दिसायला लागलं. घड्याळ डाव्या मनगटावरून उजव्यावर आलेलं. भर उकाड्यात पूर्ण बाह्यांचा शर्ट. डाव्या बाहीचं बटण उघडं. आणि टीव्ही बघताना तो हात अलगद उचलून शेजारच्या उशीवर असा ठेवलेला, जणू दुसऱ्याचा आहे आणि सांभाळायला दिलाय.

धास्तीला गेल्या वर्षी झालेला प्रकार आठवला. बाळासाठी घडीची बाबागाडी आणली होती. खोक्यावर लिहिलं होतं, 'एका हाताने बंद होते.' सासरेबुवा म्हणाले, बघू. गाडी खरोखर एका हाताने बंद झाली, पण तो हात आत ठेवून. डाव्या दंडातली शीर फाटली, टाके पडले, पुढे तिथे रक्ताची गुठळी झाली, औषधं झाली, आणि शेवटी डॉक्टरांनी "आता ठणठणीत" म्हणून पाठवून दिलं. घरात त्यावरचा वाद मात्र ठणठणीत राहिला: चूक कुणाची?

"बाबांचा डावा दंड बघितलास का रे तू?" तिने नवऱ्याला विचारलं.

"मी माझा बघून वर्षं झाली."

"थट्टा नको. सुजलाय. मला खात्री आहे."

"मग आईला सांग."

तिथेच तर घोडं पेंड खात होतं. सासूबाईंना सांगायचं म्हणजे फेरी त्याच क्षणी बंद. न सांगावं तर हात बिघडत जाणार. आणि जुन्या शिरेचं दुखणं बिघडलं की काय काय होतं हे ती रोज पगार घेऊन वाचत होती. तिने सरळ सासऱ्यांनाच विचारलं.

"बाबा, डावा हात दुखतो का हो?"

"कुठला डावा?"

"तुमचा."

"नाही बुवा. का? तुझा दुखतोय का?" आणि ते पेपर इतका उंच धरून वाचू लागले की फक्त टक्कल दिसत राहिलं. पेपर धरला होता तोही एकाच हाताने.

मग धास्तीने युक्ती काढली. कॉलेजात शिकलेल्या माणसाची युक्ती, म्हणजे नको तितकी लांबची. ती मापाची टेप घेऊन आली आणि म्हणाली, "बाबा, तुमच्यासाठी शर्ट शिवावा म्हणते."

सासूबाई आतून धावत आल्या. "तू? शिवणार? अगं, परवा बटण लावलंस तर ते शर्टासकट चादरीला शिवलंस."

"शिकतेय, आई."

"शिक बाई. पण नवऱ्याचा शीव, तो सोसेल. यांना का?"

"बाबांचा दंड... म्हणजे अंग... म्हणजे खांदे छान आहेत."

आता खांदे छान आहेत म्हटल्यावर कुठला सासरा नाही म्हणेल? पण सासरेबुवा कच्चे नव्हते. आरशात न बघताही मागून काय येतंय हे कळण्यात त्यांचं आयुष्य गेलं होतं. "आलोच हं," म्हणून ते आतल्या खोलीत गेले आणि थोड्या वेळाने परत येऊन दोन्ही हात पसरून उभे राहिले.

धास्तीने डावा दंड मोजला. शर्टावरूनही कळत होतं, चांगलाच जाड. मग उजवा मोजला, आणि टेप पुन्हा लावून बघितली. तोही तेवढाच जाड! किंबहुना थोडा जास्तच, आणि मऊ.

दोन्ही! एकाच बाजूला असतं तर जुनी शीर. दोन्हीकडे म्हणजे काय? हृदय? मूत्रपिंड? ज्या ज्या अवयवांच्या फायली तिने कधी काळी वाचल्या होत्या ते सगळे तिच्या डोळ्यांसमोरून रांगेने गेले.

"काय गं, माप जास्त आलं?" सासरे गोड हसून म्हणाले. "व्यायाम करतो मी."

जेवायला सगळे बसले तेव्हाही ती घास हातात धरून त्यांच्याकडेच बघत होती. सासरेबुवा मोठ्या ऐटीत. गाठोडं त्यांच्या उजव्या मांडीवर. गाठोड्याला त्या वयात सापडेल ते ओढायची हौस. त्याने आजोबांच्या उजव्या बाहीत हात घातला, काहीतरी पकडलं, आणि ओढलं. बाहेर आला एक लंगोट. मग दुसरा. मग तिसरा, पिवळ्या बदकांचा. गाठोड्याला हर्षवायू झाला. सासरेबुवांचा उजवा दंड हवा गेलेल्या ट्यूबसारखा सगळ्यांसमोर बारीक झाला, आणि डावा होता तसाच राहिला.

नवऱ्याने एक लंगोट उचलून नीट घडी घातली, कारण दुसरं काय करावं ते त्याला सुचेना.

"बाही वर करा," सासूबाई म्हणाल्या.

"अगं, ते जरा..."

"वर. करा."

टेबलाखाली ब्रेक दाबल्याचा आवाज आला, पण गाडी थांबली नाही. बाही वर गेली. दंड सुजून तकतकीत झाला होता आणि खांद्याकडे निळ्या शिरांची जाळी चढलेली. धास्तीने असं वर्णन असंख्य वेळा वाचलं होतं. बघत मात्र ती पहिल्यांदाच होती, आणि तेही आपल्या माणसाच्या हातावर.

पुढे जे झालं ते या घरातच होऊ शकतं.

"मी तेव्हाच सांगत होते, फुशारकी मारू नका!" सासूबाई म्हणाल्या. "एका हाताने बंद होते म्हणे!"

"खोक्यावर तसं छापलं होतं!" सासरे म्हणाले. "आणि चिरंजीवांनी खिट्टी लावली नव्हती."

"बाबा, मी खिट्टी लावली होती! तुम्ही ती काढलीत, आरसा कुठे आहे ते बघायला!"

"बाबागाडीला आरसा नको?"

"ती गाडी मुळात आणली कुणी? तुझ्या बहिणीने सांगितलं, तीच घ्या, तीच घ्या..."

"बाबा, गाठोड्याच्या आत्याला मध्ये आणू नका!"

वाद गेल्या वर्षी जिथे थांबला होता तिथूनच बिनचूक पुढे सुरू झाला. सुजलेला हात टेबलावर तसाच पडून होता आणि त्याच्यावरून खिट्टी, खोकं आणि आत्या असे तिघे इकडून तिकडे फेकले जात होते. धास्ती ऐकत राहिली, ऐकत राहिली, आणि मग तिने डाव ताटावर आपटला.

"क्रम उलटा आहे!"

तिघेही तिच्याकडे वळले.

"कशामुळे झालं ते दुसऱ्या ओळीत! आधी आत्ता काय होतंय ते! वर्षभर तुम्ही सगळे दुसरीच ओळ लिहिताय. पहिली कोरी आहे!" ती सासऱ्यांकडे वळली. आवाज एकदम खाली आला. "बाबा, आत्ता काय होतंय?"

सासरेबुवांनी आधी गाठोड्याकडे बघितलं. मग म्हणाले, "संध्याकाळी जड होतो. कोणी आत वाळू भरल्यासारखा. बोटांना मुंग्या येतात. परवा टाकीपाशी... एकदा वाटलं, हिला धरलंय की नाही तेच कळेना. म्हणून हात बदलला."

"आणि सांगितलं का नाहीत?"

"सांगितलं असतं तर काय केलं असतंत?"

काय केलं असतं ते चौघांनाही माहीत होतं. गाठोड्यालाही असावं, कारण त्याने आजोबांची कॉलर घट्ट धरली.

दुसऱ्या दिवशी सकाळी फेरीच्या वेळेला सगळी वरात दवाखान्यात. डॉक्टर अगदी तरुण. त्याने विचारलं, "हं, काय होतंय?"

"त्याचं असं झालं, गेल्या वर्षी आम्ही बाबागाडी..." तिघे एका सुरात म्हणाले.

"पहिली ओळ!" धास्ती म्हणाली.

सासरेबुवांनी निमूटपणे पहिली ओळ सांगितली. डॉक्टर बघत होता, दाबत होता, लिहीत होता. धास्ती मान लांब करून वाचत होती.

"डावा," ती म्हणाली.

"हो, बघितला मी."

"लिहिला नाहीत."

डॉक्टरने लिहिलं. "तुम्ही डॉक्टर आहात का?"

"नाही. तुम्ही लोक जे लिहिता ते मी वाचते."

हे ऐकल्यावर त्या मुलाचं अक्षर बघता बघता सुधारलं. त्याने काय उरलंय ते लिहिलं, ते कुठल्या दुखापतीमुळे उरलंय ते लिहिलं, शिरेचं नाव लिहिलं, आणि 'डावा' हा शब्द तर सुरक्षिततेसाठी आणखी एकदा लिहिला. सोनोग्राफी झाली. ती होईपर्यंत धास्तीने बाहेरच्या बाकावर आपल्या ओढणीच्या टोकाला इतके पीळ दिले की ते आपोआप उलट फिरायला लागलं.

नवी गुठळी नव्हती. जुनी शीर भरून येताना आतून अरुंद झाली होती, आणि रक्ताला परतीचा रस्ता सापडताना गर्दी होत होती. "वेळेवर आणलंत," डॉक्टर म्हणाला. हाताला दाबून धरणारी एक घट्ट बाही रोज घालायची, व्यायाम करायचे, बसताना हात उंच ठेवायचा, सूज एकदम वाढली किंवा धाप लागली तर तडक यायचं.

सासरेबुवांनी हे सगळं ऐकून घेतलं, पण ते दुसऱ्याच वाक्याची वाट बघत होते. ते आलं. "आणि या हातावर वजन नाही. बाळ वगैरे उचलून हिंडायचं नाही."

सासरेबुवा उठले. निकाल लागल्यावर नापास मुलगा वर्गातून जातो तसे दाराकडे निघाले. धास्तीला वाटलं, आपणच हा सगळा उद्योग केला. हात राहिला, पण माणूस खिडकीत जाऊन बसणार.

"डॉक्टर," सासूबाई अचानक म्हणाल्या, "हिंडायचं नाही की उचलायचं नाही?"

"उचलायचं नाही. हिंडा की भरपूर. चालणं चांगलंच."

"मग ठीक. मी उचलते. हे हिंडतील."

सासरेबुवा दारात थांबले. "तू? तुला तर डावं-उजवं कळत नाही."

"शिकवा ना मग! सगळ्या गावाला शिकवलंत, मलाच कधी शिकवलं नाहीत."

आता रोज सकाळी ती वरात निघते. पुढे सासूबाई, कडेवर गाठोडं, आणि शेजारी घट्ट बाही घातलेले सासरेबुवा, हात मोकळे, आवाज मोठा. "आरसा बघा! अहो, मागे सायकल आहे! हळू, हळू, वळणावर गिअर उतरवा!"

"गिअर कुठे आहे मला?"

"तोच तर प्रश्न आहे!"

गाठोडं अगदी वेळेवर हात दाखवतं. सासूबाई अजून दाखवत नाहीत. परवाच्या परीक्षेत सासरेबुवांनी नातीला पास केलं आणि बायकोला नापास, आणि पुन्हा परीक्षेला बसायचं असेल तर महिनाभर रोज शिकवणीला यावं लागेल असं कडक शब्दांत सांगितलं. सासूबाई येते म्हणाल्या. त्यांनी इतक्या पटकन हो म्हटलेलं घरात कुणी कधी ऐकलं नव्हतं.

धास्ती खिडकीतून बघत असते. काळजी तिला अजून वाटते, पण आता ती फक्त आपल्याच घरापुरती राहिलेली नाही, त्याला कोण काय करणार? म्हणून हे वाचता वाचता ती काळजी तुमच्यापाशीही आलीय. तुमच्याकडेही असेल ना असं एखादं माणूस, जे कशालाही "मला काय धाड भरलीय?" म्हणतं? मावशी असेल, काका असतील, वरच्या मजल्यावर एकटे राहणारे मास्तर असतील. काही निमित्त काढून जा. एखाद्या बरणीचं घट्ट बसलेलं झाकण उघडून मागा आणि कुठल्या हाताने उघडतात ते बघत राहा. "काही नाही गं" म्हणाले तर लगेच उठू नका, चहा मागा आणि बसून राहा. जाल ना? आजच जा, आणि जरा बघून या त्यांना.